एडवर्ड हॅमिल्टन एटकेन

थोर पुरुषांचीं चरित्रें आम्ही वाचतों, तेव्हां बहुधा रणांगण, राजसभा किंवा मोठी प्रयोगशाळा डोळ्यांपुढें उभी राहते. आज ज्या गृहस्थांचा परिचय आम्ही वाचकांस करून देत आहों, त्यांची प्रयोगशाळा म्हणजे सरकारी बंगल्याची ओसरी होती.

एटकेन यांचा जन्म सन १८५१ मध्यें सातारा येथें झाला. वडील स्कॉटलंडांतून आलेले मिशनरी असून मुलाचें शिक्षण त्यांनींच केलें. पुढें मुंबई विश्वविद्यालयाच्या पदव्या संपादून एटकेन पुण्याच्या डेक्कन कॉलेजांत लॅटिन शिकवूं लागले. १८७६ सालीं ते मीठ व जकात खात्यांत शिरले. उरण, रत्नागिरी, उत्तर कानडा अशा ठिकाणीं फिरतीची नोकरी करीत असतां घरांत व अंगणांत वावरणाऱ्या क्षुद्र जीवांचें निरीक्षण हाच त्यांचा विरंगुळा होता. १८८३ सालीं मुंबईस बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी स्थापणाऱ्या आठ जणांत ते होते. त्याच सुमारास त्यांचें ‘द ट्राइब्ज ऑन माय फ्रंटियर’ हें पुस्तक प्रसिद्ध झालें. त्यांत मुंग्या, कोळी व गांधीलमाशा यांचें विनोदी पण चोख वर्णन आहे.

कोळी व माशी यांचें वैर आमच्या पूर्णेच्या घरांतही पाहावयास मिळतें. कुंभारमाशी कोळ्यास डंखानें लुळा करून मातीच्या घरट्यांत कोंडते व तेथेंच आपलें अंडें घालते. याहून सूक्ष्म वैर कोळ्याच्या अंड्यांवरून चालतें. भिंतीवर राहणाऱ्या मोठ्या कोळ्याची मादी पांढरी चपटी पिशवी पोटाखालीं धरून फिरते; ती तिच्या अंड्यांची. पिल्लें निघेपर्यंत ती शिकारही जवळजवळ सोडते. इतका पहारा कशासाठीं? कांहीं परोपजीवी माशा कोळ्यांच्या अंड्यांवरच टपलेल्या असतात. त्यांतील बेयस या माशीची मादी मोहरीहून लहान व पंखहीन असून रेशमांतून आंत शिरते आणि एकेका अंड्यांत आपलें अंडें घालते.

१८५९ सालीं चार्ल्स डार्विन यांनीं विस्तारानें मांडलेल्या नैसर्गिक निवडीच्या सिद्धांतानें या झुंजीचा अर्थ लागतो. जिचें रेशीम दाट व पहारा कडक, तिचीं पिल्लें अधिक वांचतात आणि तो गुण पुढील पिढींत उतरतो. मग त्याच रेशमांतून वाट काढूं शकणाऱ्या माशीचाच वंश वाढतो. एकीनें कुलूप बळकट करावें, तों दुसरीनें किल्ली बारीक करावी, असें हें लक्षावधि वर्षें चाललें आहे. पण पहाऱ्यासाठीं मातेस उपवास पडतो, रेशमासाठीं शक्ति खर्चावी लागते. म्हणून कोणाचाच पूर्ण जय होत नाहीं. यांत दुष्ट कोण, असें मुलें विचारतील. आम्हांस तर दोन्हीकडे संततीसाठीं झटणारी आईच दिसते.

ओसरीवरचें हें निरीक्षण पुढें लोकांच्या कामीं आलें. १९०२ सालीं गोव्याच्या सरहद्दीवरील जकातनाक्यांवरील हिवतापाची चौकशी एटकेन यांजकडे सोंपविण्यांत आली. तेथें त्यांस डांसाची एक नवी जात सांपडली व तिला त्यांचेंच नांव मिळालें. १९०९ सालीं एडिंबरो येथें ते निवर्तले.

पालकांस आमची विनंती एवढीच कीं, मूल भिंतीवरील कोळ्याकडे टक लावून बसलें, तर त्यास लगेच पाठ्यपुस्तकाकडे हांकूं नये. आणि केरसुणी उगारण्यापूर्वीं त्या कोळ्याच्या पोटाखालीं पांढरी पिशवी आहे कीं काय, तेवढें पाहावें.