संतचरित्रकार महिपतिबुवा ताहराबादकर

आम्हां कीर्तनकारांचा संसार ज्यांच्या जिवावर चालतो, त्यांत महिपतिबुवांचे नाव फार वर घ्यावे लागेल. पूर्वरंग आमच्या अभ्यासाचा असेल, पण उत्तररंगाला उभे राहिलो की बहुतेक वेळा बुवांच्याच शिदोरीतले काढून वाढतो. श्रोत्यांना ते ठाऊक नसते. कधी कधी सांगणाऱ्यालाही नसते!

बुवांचा जन्म १७१५ चा. गाव ताहराबाद, तालुका राहुरी, आताचा अहिल्यानगर जिल्हा. वडील दादोपंत. घरात पंढरीची वारी आणि गावचे कुळकर्ण, म्हणजे विठोबा आणि दप्तर दोन्ही एकाच छपराखाली. कुळकर्ण्याचे काम वाचकांपैकी जुन्यांना सांगायला नको. कुणाची जमीन किती, सारा किती भरला, बाकी किती राहिली, हे सगळे मोडीत झरझर लिहायचे. हे लिहिणे आजच्या माणसासाठी असते. हिशेब वरच्या कचेरीत पोचला, वसूल जमा झाला, की त्या कागदाचे काम संपले. पुढे तो रुमालात बांधून माळ्यावर जायचा.

परंपरेने आलेली कथा अशी की, एकदा बुवा पूजेला बसले असता जहागीरदाराचा शिपाई बोलवायला आला. पूजा आटोपून येतो, असे त्यांनी सांगितले. शिपायाला धीर कुठला? तो नाही नाही ते बोलला. बुवा पूजा सोडून उठले, कचेरीत गेले, काम पुरे करून दिले आणि घरी परत आले. मग कानावरची लेखणी काढून पांडुरंगापुढे ठेवली. ही लेखणी यापुढे संतचरित्राखेरीज कशालाही लागणार नाही, आणि आमच्या वंशातही कुणी लेखणीची चाकरी करणार नाही, असा नेम त्यांनी केला, असे सांगतात.

कीर्तनात हा प्रसंग रंगवून सांगता येतो, आम्हीही सांगतो. पण त्यातली खरी गोष्ट शिपायाचा उद्धटपणा ही नव्हे. बुवांनी कचेरीतले काम अर्धे टाकले नाही, लेखणी मोडून फेकली नाही, की वैरागी होऊन निघून गेले नाहीत. हात तोच, बोरू तोच, शाई तीच. फक्त धनी बदलला. आजवर ज्यांच्यासाठी लिहीत होते ते दारात शिपाई पाठवणारे होते. आता ज्यांच्यासाठी लिहायचे ते अजून जन्मालाच यायचे होते.

आणि घाई करण्यासारखेच होते. तुकोबारायांचे प्रयाण १६५० चे, म्हणजे बुवांच्या जन्माआधी पासष्ट वर्षे. ज्यांनी तुकोबांना डोळ्यांनी पाहिले ती माणसे गेली होती. त्यांच्या नातवा-पणतवांच्या तोंडी ऐकीव गोष्टी तेवढ्या उरल्या होत्या. आणखी एक पिढी गेली असती तर त्याही गेल्या असत्या. तुकोबांनी स्वप्नात येऊन कृपा केली, असे बुवा मानीत.

भक्तविजय पुरा झाला १७६२ साली, अध्याय सत्तावन्न. त्याच्या आदल्याच वर्षी पानिपतावर मराठ्यांची एक पिढी कापली गेली होती, आणि पुढच्याच वर्षी निजामाच्या फौजेने पुणे लुटले. अशा दिवसांत ताहराबादेत एक माणूस नामदेव, जनाबाई, चोखामेळा यांच्या कथा ओवीत बसवीत होता. आधार कोणाचा घेतला हेही तो लपवीत नाही. उत्तरेकडच्या नाभाजींचे आणि माणदेशातल्या उद्धवचिद्घनांचे ऋण मोकळेपणाने सांगतो. आम्ही पाठशाळेत न्याय-व्याकरण घोकलेले. तिथे प्राकृत ओवीला कुणी फारशी किंमत देत नसे. पण मागच्यांचे नाव सांगून पुढे बोलणे ही शास्त्राची रीत या कुळकर्ण्याने पंडितांपेक्षा चोख पाळली.

आजचे संशोधक म्हणतात, बुवांच्या कथांत सनावळी नाही, निरनिराळ्या शतकांतले संत एकमेकांना भेटतात, चमत्कार फार. हे खरे आहे, आणि ते नाकारण्यात भक्ती नाही. परंतु बुवा कुणाची जन्मतिथी ठरवायला बसले नव्हते. लोकांच्या मनात संत जसा जगत होता तसा त्यांनी उतरून ठेवला. शिवाय एकदा लिहिले म्हणून ते थांबले नाहीत. १७७४ च्या भक्तलीलामृतात, वयाच्या साठीच्या उंबरठ्यावर, एकनाथमहाराजांना त्यांनी बारा अध्याय दिले आणि तुकोबांना सोळा. पहिल्या ग्रंथात थोडक्यात आले होते, ते पुन्हा सविस्तर लिहिले.

मोडी दप्तराची आजची गत पाहा. कुळकर्णी वतने १९५० च्या कायद्याने गेली, मोडी शाळेतून गेली, आणि त्या काळच्या हिशेबाचा कागद हाती आला तर वाचणारा शोधावा लागतो. भक्तविजय मात्र बाळबोधीत, छापून घरोघर. श्रावणात पोथी लावली की ज्या आजीला सही करता येत नाही तिलाही त्यातला चोखोबा पाठ असतो. इतकेच काय, अमेरिकेतले जस्टिन अ‍ॅबट नावाचे मिशनरी आणि पंडित गोडबोले यांनी भक्तविजय इंग्रजीत उतरवला. १९३३ व १९३४ साली त्याचे दोन भाग निघाले. एक ख्रिस्ती धर्मोपदेशक आपल्या विठोबाच्या गोष्टी साता समुद्रांपलीकडच्या लोकांना वाचायला देईल, हे त्या ताहराबादच्या ओसरीवर कुणाच्या ध्यानीमनी असणार?

उतारवयातही बुवांची लेखणी चालूच होती. संतविजय हा ग्रंथ त्यांनी हाती घेतला होता. त्याचे सव्वीस अध्याय झाले. १७९० साली बुवांनी देह ठेवला, आणि पोथी तेवढ्यावरच राहिली.