विश्लेषण : फाळकेंच्या आधी कॅमेरा हाती घेणारे सावेदादा कोण होते?

तुळजापूर रस्त्यावरच्या तामलवाडीत आज कुणी मोबाइलवर कुस्ती टिपली, तर क्लिप दोन मिनिटांत सोलापूरला पोचते. मुंबईत १८९९ मध्ये एका मराठी फोटोग्राफरनेही कुस्तीच टिपली होती. पण ती फिल्म धुण्यासाठी बोटीने लंडनला पाठवावी लागली. हे फोटोग्राफर म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा. भारतीय माहितीपटाची सुरुवात त्यांच्यापासून मानली जाते.

कॅमेरा कुठून आला?

७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंच्या फितींचा खेळ झाला. फोटोचा व्यवसाय करणाऱ्या सावेदादांना हलत्या चित्रांनी झपाटले. त्यांनी इंग्लंडच्या रायली ब्रदर्सकडून २१ गिनींना कॅमेरा मागवला. तेव्हाच्या दराने हे साधारण ३३० रुपये, म्हणजे हौसेसाठी मोठीच रक्कम.

काय काय टिपले?

हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी या मल्लांची कुस्ती लावण्यात आली. तीही उघड्यावर, कारण त्या काळच्या फिल्मला भरपूर ऊन लागे. दुसरी फीत माकडवाल्याची. परदेशी फितींच्या जोडीने ते या फिती लोकांना दाखवत.

त्यांची खरी नजर मात्र बातमीदाराची. दापोली तालुक्यातल्या मुर्डीचे रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे हे केंब्रिजच्या गणित परीक्षेत अव्वल आलेले पहिले भारतीय, म्हणजे ‘सीनियर रँग्लर’. डिसेंबर १९०१ मध्ये ते मुंबईत परतले, तेव्हा स्वागताच्या गर्दीत सावेदादांचा कॅमेरा होता. पडद्यावर तोवर साहेबाच्या देशातली आगगाडी नि समुद्र दिसायचा. आता आपल्याच माणसाचा सत्कार दिसला. हीच भारतातली पहिली वृत्तफीत मानली जाते. १९०३ चा दिल्ली दरबारही त्यांनी चित्रित केला. तो सरकारी थाटाचा सोहळा होता. परांजप्यांच्या फितीची गोष्टच वेगळी.

पुढे काय झाले?

चित्रण थांबले. सावेदादा मुंबईच्या गेइटी थिएटरचा कारभार पाहू लागले. हेच पुढचे कॅपिटॉल. १९१३ मध्ये दादासाहेब फाळकेंचा ‘राजा हरिश्चंद्र’ आला आणि कथापटांचे युग सुरू झाले. सावेदादांचे निधन १९५८ मध्ये झाले. जुन्या फिल्म जपणारे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय पुण्यात उभे राहिले ते १९६४ मध्ये. तेव्हाच्या नायट्रेट फिल्म चटकन पेट घेत, नाहीतर हवेने कुजत. सावेदादांची एकही फीत आज पाहायला मिळत नाही.