हबीमाचा पाया घालणारे नाहूम त्सेमाख

तेल-अवीवच्या रॉथशिल्ड रस्त्याच्या उत्तर टोकाला 'हबीमा' नाट्यगृहाची मोठी इमारत उभी आहे. आपल्यापैकी अनेकांनी ती पाहिली असेल, काहींनी तेथे नाटकेही पाहिली असतील. हन्ना रोविना या थोर नटीचे नावही पुष्कळांना ठाऊक आहे. परंतु ज्या गृहस्थाने ही नाटक मंडळी काढली आणि तिच्यासाठी देशोदेशी हात पसरले, त्याचे नाव क्वचितच ऐकू येते. ते गृहस्थ म्हणजे नाहूम त्सेमाख.

त्सेमाख यांचा जन्म १८८७ साली रशियन साम्राज्याच्या ग्रोडनो प्रांतातील रागोला या खेड्यात झाला. लहानपणी त्यांना जुन्या वळणाचे धार्मिक शिक्षण मिळाले. पुढे ते बियालिस्टोक शहरात हिब्रू शिकवीत. हे शहर आज पोलंडमध्ये आहे.

त्या काळी तिकडच्या यहुदी घरांतून यिद्दिश भाषा चाले. हिब्रू होती ती प्रार्थनेची आणि पोथीची. यिद्दिश नाटक मंडळ्या १८७६ पासून निघू लागल्या होत्या आणि त्यांना प्रेक्षकही मिळत होते. हिब्रू नाटक मात्र कोणी मागत नव्हते. आपल्याकडे कोणी केवळ संस्कृत नाटके करणारी धंदेवाईक मंडळी काढून गावोगाव फिरायचे ठरवले असते, तर लोकांनी त्याला वेड्यात काढले असते. त्सेमाख यांनी नेमका तोच वेडेपणा केला. १९०९ च्या सुमारास बियालिस्टोक येथे त्यांनी हौशी नटांची हिब्रू मंडळी जमवली. तिला नाव दिले 'हबीमा'. बीमा म्हणजे रंगमंच, आणि सिनेगॉगमध्ये ज्या चौथऱ्यावरून सेफेर तोरा वाचतात त्यालाही बीमाच म्हणतात. नाटकाकडे ते केवळ करमणूक म्हणून पाहत नव्हते, हे या नावावरूनच कळते.

१९१३ साली व्हिएन्ना येथे झायोनिस्ट काँग्रेसचे अधिवेशन भरले. हिब्रूचा अभिमान बाळगणारी माणसे तेथे देशोदेशींहून येणार, तेव्हा आपल्याला आश्रय मिळेल, या आशेने त्सेमाख मंडळी घेऊन तेथे गेले. प्रयोग झाला, पण पाठबळ मिळाले नाही. मंडळी मोडली. दुसऱ्या कोणी येथेच हा नाद सोडला असता.

त्सेमाख यांनी तो सोडला नाही. मेनाहेम ग्नेसिन हे याफो येथे हिब्रू नाटके केलेले गृहस्थ, आणि हन्ना रोविना ही बालवाडीची शिक्षिका, अशा दोघांची त्यांना साथ मिळाली. १९१७ साली झारची सत्ता गेली आणि यहुद्यांनी कोठे राहावे यावरची जुनी बंधने उठली. तेव्हा मॉस्को शहरात हबीमा पुन्हा उभी राहिली. या वेळी त्सेमाख यांनी मनाशी ठाम ठरवले होते की हौशीपणा पुरे, आता कसलेले नट तयार झाले पाहिजेत. म्हणून ते थेट स्तानिस्लावस्की यांच्याकडे गेले. रशियाच नव्हे, तर साऱ्या जगाच्या रंगभूमीवरचे ते मोठे गुरू. त्यांनी आपला उत्तम शिष्य वाख्तांगोव्ह याला हबीमाकडे पाठवले. वाख्तांगोव्ह आर्मेनियन होता व त्याला हिब्रू येत नव्हते. तरीही त्याने या मंडळींना घडवले. ऑक्टोबर १९१८ मध्ये चार एकांकिकांचा पहिला प्रयोग झाला.

ते दिवस यादवी युद्धाचे, थंडीचे आणि उपासमारीचे होते. नट दिवसा मिळेल ते काम करीत आणि रात्री तालमी करीत. त्यात घरचाच विरोध होता. कम्युनिस्ट पक्षाच्या यहुदी शाखेचे म्हणणे असे की हिब्रू ही धर्मगुरूंची व झायोनिस्टांची भाषा आहे, तिच्या नाटकांना सरकारी पैसा कशाला? उलट गॉर्की, स्तानिस्लावस्की यांसारखी बिगर-यहुदी मोठी माणसे हबीमाच्या पाठीशी उभी राहिली. असा आधार गोळा करण्यात त्सेमाख यांचा हातखंडा होता. कोणाचे दार वाजवायचे आणि 'नाही' म्हटल्यावर पुन्हा कसे वाजवायचे, हे त्यांना बरोबर कळत असे.

एक गोष्ट आपल्या वाचकांना विशेष वाटेल. हे सारे नट अश्केनाझी घरांतले, पण रंगमंचावर त्यांनी सेफार्दी उच्चार धरले, कारण एरेत्स इस्राएलमध्ये तेच उच्चार रुळत होते. मॉस्कोच्या बर्फात बसून ही मंडळी तेथली बोली घोटत होती.

३१ जानेवारी १९२२ रोजी 'डिब्बुक' या नाटकाचा पहिला प्रयोग झाला. मूळ नाटक आन-स्की यांचे, हिब्रू रूप कवी बियालिक यांनी दिलेले. ज्याच्याशी लग्न व्हायचे तो मरण पावतो आणि त्याचा आत्मा नवरीच्या अंगात शिरतो, अशी ती कथा आहे. नवरी लेआ झाली हन्ना रोविना, आणि आत्म्याला घालवू पाहणाऱ्या वृद्ध त्सादिकाची भूमिका स्वतः त्सेमाख यांनी केली. हिब्रूचे एक अक्षर न कळणारे रशियन लोकही या नाटकाला गर्दी करू लागले. नाटककार आन-स्की १९२० सालीच वारले होते. वाख्तांगोव्ह आजारी असतानाच हे नाटक बसवीत होता, तोही मे १९२२ मध्ये गेला. पुढे हबीमाने या एका नाटकाचे हजारावर प्रयोग केले.

जानेवारी १९२६ मध्ये हबीमा परदेश दौऱ्यावर निघाली ती रशियात परतलीच नाही. युरोपातील शहरांतून वाहवा झाली. वर्षाच्या अखेरीस मंडळी न्यूयॉर्कला पोचली. तेथे स्तुती झाली, परंतु तिकिटे खपेनात आणि कर्ज वाढले. मुक्काम कोठे करायचा, मंडळीचा कारभार कोणी पाहायचा, यावरून वाद पेटले. मंडळी मी काढली, तेव्हा ती माझ्या विचाराने चालावी, ही त्सेमाख यांची भूमिका. ज्यांनी उपाशी राहून तालमी केल्या ते नट म्हणत, मंडळी सर्वांची आहे. १९२७ साली हबीमा फुटली. त्सेमाख व थोडे नट अमेरिकेत राहिले. बहुसंख्य नट हबीमाचे नाव घेऊन निघाले आणि १९२८ साली एरेत्स इस्राएलमध्ये पोचले.

नाटक मंडळी फुटणे मराठी माणसाला नवे नाही. १९१३ साली बालगंधर्व, गोविंदराव टेंबे व गणपतराव बोडस किर्लोस्कर मंडळीतून बाहेर पडले आणि गंधर्व नाटक मंडळी निघाली. पण तेथे बाहेर पडणाऱ्यांनी नवे नाव घेतले. येथे नाव पुढे गेले आणि नाव ठेवणारा मागे राहिला. दोष कोणा एकाला देता येत नाही. त्सेमाख यांचा हट्ट नसता तर मंडळी निघालीच नसती, आणि तोच हट्ट पुढे बरोबरच्या माणसांना जड झाला.

पुढे नटांनी सर्वांच्या मताने कारभार चालवला, आणि ही पद्धत सुमारे चाळीस वर्षे टिकली. तेल-अवीवच्या इमारतीचा पायाचा दगड १९३५ साली बसला, १९४५ साली मंडळी तेथे राहायला गेली आणि १९५८ साली हबीमाला राष्ट्रीय नाट्यगृहाचा मान मिळाला. मंडळी त्या इमारतीत राहायला गेलेली किंवा तिला तो मान मिळालेला पाहणे त्सेमाख यांच्या नशिबी नव्हते. १९३९ साली न्यूयॉर्क येथे त्यांचा अंत झाला. वय पन्नाशीच्या थोडे पुढे होते.

आपल्या समाजातही लहानमोठी मंडळे निघतात. कोणी एक जण वेड घेतो, घरोघर फिरून माणसे गोळा करतो, आणि काही वर्षांनी मतभेद होऊन बाजूला पडतो. मंडळ चालू राहते, ही आनंदाचीच गोष्ट. पण वार्षिक अहवालात त्या पहिल्या माणसाच्या नावाला एक ओळ द्यायला काय हरकत आहे? तो भांडला असेल, तरीसुद्धा.