संत जियान्ना : स्वतःच डॉक्टर, स्वतःच रुग्ण

२८ एप्रिल हा संत जियान्ना बेरेत्ता मोल्ला यांचा सण. इटलीत मिलान शहराजवळच्या माजेंता गावी ४ ऑक्टोबर १९२२ रोजी त्यांचा जन्म झाला. तेरा भावंडांतील त्या दहाव्या. १९४९ साली पाविया येथून त्या डॉक्टर झाल्या आणि पुढच्याच वर्षी मेझेरो गावात त्यांनी दवाखाना काढला. आपल्या कॅपुचिन बंधूंच्या मदतीला ब्राझीलला मिशनकार्यासाठी जावे असे त्यांना फार वाटे, पण प्रकृतीने साथ दिली नाही. १९५५ साली इंजिनियर पिएत्रो मोल्ला यांच्याशी त्यांचा विवाह झाला. चार वर्षांत तीन मुले झाली आणि दवाखानाही चालू राहिला. (आपल्या नोकरी करणाऱ्या मातांना ही ओढाताण वेगळी सांगायला नको.)

१९६१ साली पुन्हा दिवस गेले असताना, दुसऱ्या महिन्याच्या अखेरीस, गर्भाशयात गाठ आढळली. मार्ग तीन होते. गर्भाशयच काढून टाकावे. आई वाचेल, बाळ जाईल. गाठ काढावी व गर्भपात करावा. किंवा फक्त गाठ काढून गर्भ राखावा. यात आईला सर्वांत जास्त धोका. आणि तो किती, हे जियान्नांना कोणी समजावून सांगण्याची गरज नव्हती.

एक गोष्ट प्रवचनांतून बहुधा निसटते. गर्भपात ख्रिस्तसभेला मान्य नाहीच. पण जिवावर बेतलेल्या आजारात गर्भाशय काढण्यास तिची मनाई नव्हती, कारण तेथे हेतू रोग काढण्याचा असतो, बाळाला मारण्याचा नव्हे. म्हणजे पहिला मार्ग धरला असता तरी जियान्नांना दोष लागला नसता. शिवाय घरी तीन लहान मुले होती, धाकटी अवघी दोन वर्षांची. त्यांनाही आई हवीच होती. हा निर्णय सोपा होता असे कोणी समजू नये.

त्यांनी तिसरा मार्ग घेतला. ६ सप्टेंबर रोजी मोंझा येथील इस्पितळात फक्त गाठ काढण्यात आली. पुढचे महिने त्यांनी घर आणि रुग्ण सांभाळत काढले. वेळ आलीच तर बाळाला वाचवावे, असे पतीला त्यांनी बजावून ठेवले होते.

२१ एप्रिल १९६२ रोजी, पवित्र शनिवारी, सिझेरियनने मुलगी झाली. आईच्या पोटात मात्र जंतुसंसर्ग पसरला आणि आठवड्याभरात, २८ एप्रिलला, वयाच्या ३९व्या वर्षी त्या देवाघरी गेल्या.

१६ मे २००४ रोजी पोप जॉन पॉल दुसरे यांनी रोममध्ये त्यांना संतपद दिले, तेव्हा नव्वदी ओलांडलेले पिएत्रो तेथे हजर होते. सोबत ती मुलगीही होती, जियान्ना इमॅन्युएला. तीही डॉक्टर झाली, वृद्धांच्या आजारांची.