विष्णुपंत छत्रे

कृष्णाकाठचे अंकलखोप हे आजच्या सांगली जिल्ह्यातील गाव. तेथे १८४० च्या सुमारास विष्णुपंत छत्रे यांचा जन्म झाला. शाळेच्या अभ्यासात त्यांचे चित्त रमत नसे. पशूंना माणसाळवून त्यांना नाना खेळ शिकवावेत, हाच त्यांचा ध्यास. त्यातच गायनाची विलक्षण ओढ! या दोन विद्यांसाठी घर सोडून ते ग्वाल्हेरीस गेले. तेथे बाबासाहेब आपटे यांच्यापाशी ते अश्वविद्या शिकले आणि थोर गवई हद्दूखाँ यांच्यापाशी गायन. तबेला आणि तंबोरा यांची अशी सांगड विचित्र वाटेल खरी. परंतु लयीचे भान दोहोंकडे हवेच.

पुढे पंचगंगेकाठच्या कुरुंदवाड संस्थानात ते घोड्यांचे शिक्षक झाले. हे गाव आज कोल्हापूर जिल्ह्यात आहे. तेथील अधिपतींचा त्यांच्यावर लोभ होता. १८७९ च्या सुमारास मुंबईत एका युरोपीय सर्कशीचे खेळ चालू होते. घोड्यांवरील अशी कामे हिंदी लोकांना साधणार नाहीत, असे त्या सर्कशीच्या चालकाने बोलून दाखविले, असे सांगतात. विष्णुपंतांच्या मनाला ते लागले.

काम सोपे नव्हते. सर्कशीचे रिंगण साधारणपणे ४२ फूट व्यासाचे असते. एवढ्याशा जागेत घोडा धावू लागला, की पाठीवर उभ्या राहिलेल्या स्वाराला बाहेर फेकले गेल्यासारखे वाटते. म्हणून तो आत झुकून तोल राखतो. घोड्याची चाल क्षणभर बिघडली, तरी स्वार खाली आलाच. तेव्हा आधी शिकवावे लागते ते घोड्याला. वाद्ये वाजोत, लोक ओरडोत, त्याने आपली चाल मोडता कामा नये. हे शिक्षण धाकाने होत नाही. त्याला नित्याचा सराव आणि अपार धीर लागतो.

१८८० मध्ये विष्णुपंतांची स्वतःची सर्कस उभी राहिली. भारतीयाने चालविलेली ती पहिली सर्कस मानली जाते. देशभर आणि सिंहलद्वीपापर्यंत तिचे तंबू पडले. ती मलबारात तेल्लिचेरीस गेली असता कीलेरी कुन्हिकण्णन या व्यायामशिक्षकाचा विष्णुपंतांशी परिचय झाला. कुन्हिकण्णन यांनी पुढे १९०१ मध्ये तेथे सर्कशीचे विद्यालय काढले आणि केरळातून कसरतपटूंच्या पिढ्या निघाल्या.

वैभवाच्या दिवसांतही विष्णुपंत आपल्या गायनगुरूंना विसरले नाहीत. हद्दूखाँचे पुत्र रहिमतखाँ हे अलौकिक गळ्याचे गायक. पण पित्यामागे व्यसनाच्या आहारी जाऊन ते काशीस दैन्यात भटकत होते. विष्णुपंतांनी त्यांना शोधून आपल्यापाशी आणले, जपले आणि त्यांचे गाणे लोकांना ऐकविले. १९०५ मध्ये विष्णुपंत निवर्तले. त्यांचे बंधू काशिनाथपंत यांनी सर्कशीबरोबर रहिमतखाँचाही सांभाळ केला. ग्वाल्हेरचा तो गायक १९२२ मध्ये कुरुंदवाडलाच मरण पावला.