बंडाच्या मुळाशी पोहोचलेला माणूस : रॅमन मॅगसेसे

मॅगसेसे हे नाव मराठी वाचकांना नवे नाही. विनोबा भावे, चिंतामणराव देशमुख, बाबा आमटे, डॉ. प्रकाश आणि डॉ. मंदाकिनी आमटे अशा अनेकांच्या कार्याशी ते पुरस्काराच्या रूपाने जोडले गेले आहे. मात्र ज्यांच्या नावाने हा पुरस्कार दिला जातो, ते रॅमन मॅगसेसे कोण होते, याची माहिती फार थोड्यांना असते. एकेकाळी बस कंपनीत मोटारी दुरुस्त करणारा हा माणूस फिलिपीन्सचा राष्ट्राध्यक्ष झाला, तो एका सशस्त्र बंडाचा बीमोड करून. स्वतःच्याच नागरिकांविरुद्ध शस्त्र उचलावे लागले तर सरकारने कसे वागावे, या प्रश्नाशी त्यांचे सारे सार्वजनिक आयुष्य बांधले गेले होते. त्याचे उत्तर त्यांनी बरेचसे शोधले. पण पूर्ण नाही.

मॅगसेसे यांचा जन्म ३१ ऑगस्ट १९०७ रोजी लुझॉन बेटावरील झांबालेस प्रांतात इबा या गावी झाला. वडील लोहारकाम करीत, तर आई शिक्षिका होती. मनिला येथे अभियांत्रिकीचे शिक्षण घेताना खर्च भागविण्यासाठी त्यांनी मोटारचालकाची नोकरी केली. पुढे वाणिज्य शाखेचे शिक्षण घेऊन ते एका बस कंपनीत मेकॅनिक म्हणून लागले आणि शाखा व्यवस्थापकाच्या पदापर्यंत पोहोचले. दुसऱ्या महायुद्धाने या सरळ रेषेतल्या आयुष्याला कलाटणी दिली. एप्रिल १९४२ मध्ये बातान जपान्यांच्या हाती पडल्यानंतर मॅगसेसे डोंगरात निसटले आणि झांबालेसमध्ये त्यांनी गनिमी लढ्याची उभारणी केली. रात्री आसरा देणारे घर, मूठभर तांदूळ देणारी बाई आणि पाहिलेले न पाहिल्यासारखे करणारा शेतकरी यांच्या बळावरच गनीम जगतो, हे त्यांनी पुस्तकातून नव्हे, तर अनुभवातून जाणले. हाच अनुभव पुढे त्यांची खरी पुंजी ठरला.

त्याच काळात मध्य लुझॉनच्या भातशेतीच्या पट्ट्यात आणखी एक गनिमी सेना उभी राहत होती. मार्च १९४२ मध्ये स्थापन झालेली, जपान्यांविरुद्धची लोकसेना असा नावाचा अर्थ असलेली ही हुकबालाहाप. लोक तिला थोडक्यात हुक म्हणत. पाम्पांगाचे शेतकरी नेते लुईस तारुक हे तिचे सेनापती होते आणि साम्यवादी पक्षाचे नेते तिच्या अग्रभागी होते. सैनिक मात्र बहुतांशी कुळे होती. पिकाचा निम्मा वाटा जमीनदाराला, पुढच्या हंगामापर्यंत पोटासाठी त्याच्याचकडून कर्जाऊ भात आणि त्यावरचे व्याज फेडण्यात सरणारे आयुष्य, ही त्यांची कहाणी होती. जपान्यांची सत्ता गेली आणि युद्धकाळात शहरात गेलेले जमीनदार परतले. त्यांच्याबरोबर थकलेले खंडही परतले.

हुक नेत्यांनी आधी मतपेटीचा मार्ग धरला होता. १९४६ च्या निवडणुकीत तारुक यांच्यासह डेमोक्रॅटिक अलायन्सचे सहा उमेदवार निवडून आले. पण संसदेने त्यांना आसन नाकारले. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये सरकारशी बोलणी करणारे शेतकरी नेते हुआन फेलिओ यांचे अपहरण करून त्यांना ठार मारण्यात आले. संसदेचे दार बंद झाले आणि वाटाघाटीची खोलीही सुरक्षित राहिली नाही. तारुक पुन्हा रानात गेले.

पुढची चार वर्षे सरकारने बंड चिरडण्याचा रूढ मार्ग चोखाळला. कॉन्स्टॅब्युलरीची पथके गावे वेढत, संशयितांना मारहाण करीत, गोठ्यातली कोंबडी आणि कणगीतले भातही उचलून नेत. नेपोलियन व्हालेरियानो या अधिकाऱ्याच्या नेनिता नावाच्या पथकाची तर गावोगावी दहशत होती. परिणाम उलटाच झाला. छापा पडलेल्या गावातून हुकांना नवे सैनिक मिळू लागले. हुकांचे हातही स्वच्छ नव्हते. एप्रिल १९४९ मध्ये माजी राष्ट्राध्यक्षांच्या पत्नी अरोरा केझॉन यांच्या मोटारताफ्यावर झालेल्या हल्ल्याचा ठपका त्यांच्यावर आला. ऑगस्ट १९५० मध्ये तारलाक येथील लष्करी छावणीवरील हल्ल्यात तर रुग्णालयातील माणसेही मारली गेली. १९४९ च्या राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीतील उघड गैरप्रकारांनी मतदानावरचा उरलासुरला विश्वासही संपविला होता. हुकांचे सशस्त्र बळ तेव्हा दहा ते पंधरा हजारांच्या घरात गेल्याचा अंदाज होता आणि राजधानी मनिलाही सुरक्षित वाटेनाशी झाली होती.

अशा वेळी राष्ट्राध्यक्ष एल्पिदिओ किरिनो यांनी सप्टेंबर १९५० मध्ये ४३ वर्षांच्या मॅगसेसे यांना संरक्षणमंत्री नेमले. नव्या मंत्र्यांनी पहिला हल्ला चढविला तो आपल्याच लष्करावर. ते पूर्वसूचना न देता पहाटे छावण्यांवर जाऊन धडकत. झोपलेला पहारेकरी, खोटे अहवाल पाठविणारा अधिकारी, गावकऱ्यांना लुबाडणारी तुकडी नजरेस पडताच जागेवर कारवाई होई. सैनिकाचा रोजचा भोजनभत्ता तीस सेंटाव्होवरून एक पेसोवर नेण्यात आला. वरवर किरकोळ वाटणाऱ्या या निर्णयाचा अर्थ गावकऱ्यांना लगेच कळला: भुकेला शिपाई कोंबडी चोरतो, पोट भरलेल्या शिपायाला तसे करण्याचे कारण उरत नाही. कोणत्याही नागरिकाला दहा सेंटाव्होत थेट संरक्षणमंत्र्यांना तार करता येईल, अशी सोय झाली. जमिनीच्या दाव्यांत कुळांची बाजू मांडण्यासाठी लष्कराचे वकील न्यायालयात उभे राहू लागले.

हे निव्वळ औदार्य नव्हते. त्यामागे नेमके गणित होते. बंडखोर कोण, हे गावाला ठाऊक असते. पण ज्या सरकारची भीती वाटते त्याला गाव ते सांगत नाही. शिपाई नीट वागू लागला की बातमी येते, बातमी आली की आंधळेपणाने गाव वेढावे लागत नाही आणि निरपराध माणूस मरत नाही. नीती आणि रणनीती येथे एकाच वाटेने जात होत्या. याचा प्रत्यय लवकरच आला. एका हुक अधिकाऱ्याला मॅगसेसे स्वतः गुपचूप जाऊन भेटले. त्याच्या मदतीने ऑक्टोबर १९५० मध्ये मनिलात टाकलेल्या छाप्यांत साम्यवादी पक्षाची शहरातील जवळपास सारी नेतेमंडळी कागदपत्रांसह हाती लागली.

लढाई सुरूच होती. शस्त्र न टाकणाऱ्यांची लहान, चपळ तुकड्यांकरवी पाठ धरली जात होती. शस्त्र टाकणाऱ्यांसाठी मात्र मिंडानाओ बेटावर व अन्यत्र जंगल साफ करून वसाहती उभारण्यात आल्या आणि तेथे घर व जमीन देण्याची योजना आखली गेली. प्रत्यक्षात हजाराहून कमी कुटुंबे तेथे वसली आणि त्यांतील माजी हुकांची कुटुंबे अडीचशेच्या आसपास होती. तरीही सरकार जमीन देऊ शकते, ही वार्ता रानातल्या कुळांपर्यंत पोहोचली आणि जमिनीसाठी लढणाऱ्यांत चलबिचल सुरू झाली.

बंडाचा कणा मोडला तो मात्र नोव्हेंबर १९५१ च्या निवडणुकीने, असे म्हणणे अधिक योग्य ठरेल. मॅगसेसे यांनी मतदान केंद्रांवर सैनिक आणि विद्यार्थी छात्रसैनिक उभे केले, ते कोणाला जिंकविण्यासाठी नव्हे, तर मतपेट्या राखण्यासाठी. सत्ताधारी पक्ष सिनेटच्या निवडणुकीत सपाटून हरला. ज्या मंत्र्याच्या बंदोबस्तामुळे त्याच्याच सरकारचा पराभव होतो, त्याच्या शब्दावर लोकांचा विश्वास बसू लागला. याच निवडणुकीत नेग्रोस बेटावर मोइसेस पादिल्या या उमेदवाराने गव्हर्नर राफाएल लाक्सन यांच्या मर्जीविरुद्ध अर्ज भरला, म्हणून त्यांच्या खासगी फौजेने त्याचे हाल करून खून केला. मॅगसेसे विमानाने तेथे पोहोचले आणि पादिल्याचा मृतदेह त्यांनी स्वतःच्या हातांनी उचलला. पुढे लाक्सन यांना न्यायालयाने दोषी ठरविले. बंडखोरांचा कायदेभंग मोडणाऱ्या सरकारने आपल्या गव्हर्नरचाही कायदेभंग मोडला पाहिजे, हे देशाने त्या दिवशी पाहिले.

या उजळ चित्राची दुसरी बाजू झाकून ठेवणे इतिहासाला धरून होणार नाही. मॅगसेसे यांचे निकटचे सल्लागार होते अमेरिकेचे एडवर्ड लॅन्सडेल. हवाई दलाचा गणवेश घालणारे लॅन्सडेल सीआयएसाठी काम करीत होते. एका पकडलेल्या हुकाच्या मानेला भोके पाडून, त्याचे रक्त काढून, प्रेत पायवाटेवर टाकण्यात आले, जेणेकरून आस्वांग या रक्तपिपासू पिशाच्चाच्या भीतीने हुक ती टेकडी सोडून जातील. ही हकिकत लॅन्सडेल यांनी आपल्या आठवणींच्या पुस्तकात स्वतःच नोंदविली आहे, तीही यशस्वी युक्ती म्हणून. देशांतर्गत संघर्षातही हाती लागलेल्याचा जीव घेण्यास १९४९ च्या जीनिव्हा करारांनी मनाई केली होती. व्हालेरियानो यांच्याकडे नव्या व्यवस्थेतही एका बटालियनचे नेतृत्व राहिले. किरिनो सरकारने बंदीप्रत्यक्षीकरणाचा हक्क स्थगित केला आणि त्या सावटाखाली अनेकांना डांबण्यात आले. कवी व कामगार नेते अमादो हर्नांदेझ १९५१ मध्ये तुरुंगात गेले. बंडाच्या आरोपाला खून, जाळपोळ असे गुन्हे जोडून शिक्षा वाढविता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९५६ मध्ये स्पष्ट केले, तेव्हा त्यांना जामीन मिळाला. निर्दोष ठरायला १९६४ साल उजाडले. कोंबडी चोरणाऱ्या शिपायाला शिक्षा करणाऱ्या या व्यवस्थेला प्रेताची विटंबना करणारा शिपाई मात्र खपत होता.

फेब्रुवारी १९५३ मध्ये मॅगसेसे यांनी मंत्रिपद सोडले आणि विरोधी नॅसिओनालिस्ता पक्षातर्फे किरिनो यांनाच आव्हान दिले. अमेरिकेचे पाठबळ त्यांच्यामागे होते. पण गावोगावची गर्दी त्यांनी स्वतः पायपीट करून मिळविली होती. सुमारे ६९ टक्के मते घेऊन ते राष्ट्राध्यक्ष झाले. बारोंग तागालोग हा देशी पेहराव करून त्यांनी शपथ घेतली आणि मालाकान्यांग राजवाड्याची दारे सामान्यांना उघडली. मे १९५४ मध्ये तारुक शरण आले. त्यांच्याशी बोलणी करणारा तरुण पत्रकार होता बेनिग्नो अकिनो, जो पुढे मार्कोस राजवटीचा प्रमुख विरोधक ठरला आणि १९८३ मध्ये मनिला विमानतळावर मारला गेला.

आता वेळ होती कुळांना दिलेला शब्द पाळण्याची. १९५४ मध्ये कुळांच्या हक्कांचा कायदा झाला आणि १९५५ मध्ये जमीन सुधारणा कायदाही आला. परंतु जमीनदारांचा वरचष्मा असलेल्या संसदेने त्याचे दात आधीच काढून घेतले होते. कमाल जमीनधारणेची मर्यादा शेकडो हेक्टर ठेवल्याने बहुतेक जमीनदारी शाबूत राहिली. बंदूकधाऱ्यांसमोर न डगमगलेले मॅगसेसे बाकांवर बसलेल्या या सभ्य विरोधापुढे हतबल ठरले. झगडा पुढे चालविण्यास त्यांना अवधीही मिळाला नाही. १७ मार्च १९५७ रोजी सेबू बेटावरील मानुंगाल डोंगरावर त्यांचे विमान कोसळले. विमानातील एक पत्रकार तेवढा वाचला.

त्यांच्या स्मरणार्थ त्याच वर्षी पुरस्काराची स्थापना झाली आणि १९५८ मध्ये समाजनेतृत्वासाठीचा पहिला पुरस्कार विनोबांना मिळाला. यात एक अर्थपूर्ण योग होता. मॅगसेसे हुकांशी लढत असतानाच, एप्रिल १९५१ मध्ये, साम्यवादी सशस्त्र लढ्याने होरपळलेल्या तेलंगणात पोचमपल्ली येथे विनोबांनी भूदान चळवळीचा आरंभ केला होता. एकाकडे लष्कर होते, दुसऱ्याकडे काहीच नव्हते. दोघांनाही बंडाच्या मुळाशी जमीनच दिसली होती. पन्नास वर्षांनी, २००८ मध्ये, हाच पुरस्कार हेमलकशाच्या आमटे दांपत्याला मिळाला. नक्षलवादाच्या सावटाखालील गडचिरोलीत दवाखाना आणि शाळा चालविणाऱ्यांना तो मिळावा, हे त्या नावाला साजेसेच होते.

फिलिपीन्सच्या कहाणीचा शेवट मात्र पुरस्काराने होत नाही. मॅगसेसे यांच्या मृत्यूनंतर बारा वर्षांनी, मार्च १९६९ मध्ये, त्याच मध्य लुझॉनमध्ये न्यू पीपल्स आर्मी उभी राहिली. तिचा पहिला सेनापती बर्नाबे बुस्कायनो हा जुन्या हुकांच्याच फळीतून आला होता आणि त्याच्यामागे तीच भूमिहीन कुळे होती. शिस्तबद्ध सैनिक आणि प्रामाणिक मतपेटी यांनी सरकारला अवधी मिळवून दिला होता. त्या अवधीत जे द्यायचे होते, ते दिले गेले नाही. मॅगसेसे यांच्या यशाचा अभ्यास पुढे अनेक देशांच्या लष्करांनी केला. त्यांच्या अपयशाचा अभ्यास करण्याची जबाबदारी मात्र लष्करांची नाही, ती संसदांची आहे.