दादासाहेब फाळके आणि वाटाण्याचा अंकुर

धुंडिराज गोविंद फाळके यांचे चरित्र सामान्यतः ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) या चित्रपटाभोवती मांडले जाते. त्यापूर्वीचा त्यांचा एक चिमुकला मूकपट भांडवल मिळविण्यासाठी केलेला नमुना म्हणून उल्लेखिला जातो. वस्तुतः फाळके यांच्या कलादृष्टीचे बीज त्यातच आढळते.

फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे झाला. मुंबईचे जे. जे. कलाविद्यालय व बडोद्याचे कलाभवन येथे शिकून त्यांनी गोध्र्यास छायाचित्रणाचा व्यवसाय मांडला. तेथे प्लेगने पत्नी व मूल दोन्ही हिरावली. १९०२ मध्ये सरस्वतीबाईंशी त्यांचा विवाह झाला. पुढे मुद्रणव्यवसायात जम बसला. परंतु भागीदारांशी मतभेद होऊन तोही सुटला. १९११ मध्ये मुंबईत ख्रिस्तचरित्रावरील मूकपट पाहताना आपल्या मनश्चक्षूंपुढे राम-कृष्ण उभे राहिले, ही आठवण त्यांनी पुढे ‘नवयुग’ मासिकातील लेखमालेत (१९१७-१८) नोंदविली. त्या ध्यासात डोळ्यांवर असह्य ताण पडून काही काळ त्यांची दृष्टीच गेली. ती उपचारांनी परत लाभली.

विमापत्र गहाण ठेवून १९१२ मध्ये ते लंडनला गेले व कॅमेरा घेऊन परतले. मग कुंडीत वाटाणा पेरून तो कॅमेरा त्यांनी तिच्यासमोर रोखला आणि ठरावीक कालांतराने एकेक चित्र टिपले. पडद्यावर अनेक दिवसांची वाढ क्षणार्धात उलगडली. या चित्रफितीमुळे सावकाराचा विश्वास बसला, हे खरेच. पण तिचे महत्त्व तेवढ्यावर संपत नाही. येथे कथा नाही, देवता नाही. परसातील सर्वांच्या परिचयाचा अंकुर तेवढा आहे. नजरेतून निसटणारा काळ साठवून तो पुन्हा दाखविणे, हे स्मृतीचे कार्य येथे यंत्राने केले. दृष्टी गमावून परत मिळविलेल्या माणसाने प्रथम रोपाचे वाढणे न्याहाळावे, हे अर्थपूर्ण होय.

फिल्मला छिद्रे पाडण्यापासून ती धुण्यापर्यंतची कामे सरस्वतीबाई शिकल्या; घरच हे चित्रशाळा झाले. ‘कालिया मर्दन’ (१९१९) मध्ये कन्या मंदाकिनीने बालकृष्ण साकारला. त्यातील खोड्यांचा निर्मळ आनंद पाहता, पौराणिक चमत्काराइतकेच फाळके यांना साध्या जीवनव्यापाराचे कुतूहल होते, हे दिसून येते.

बोलपटाच्या आगमनानंतर ‘गंगावतरण’ (१९३७) हा त्यांचा एकमेव बोलपट ठरला. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे त्यांचे निधन झाले. काळ साठविणारी ती अंकुराची चित्रफीत मात्र काळानेच नष्ट केली. आज ती केवळ आठवणींतून उरली आहे. म्हणूनच फाळके यांच्या अभ्यासकाने लिखित स्मृतींकडेही चित्रपटाइतक्याच गांभीर्याने पाहिले पाहिजे.